पाहुण्याला दाखवता येईल असे काम



मागे एका गट बैठकीत गुऱ्हाळ चालवणाऱ्या एका तरुण सभासदाने प्रश्न केला. "शहरातली माणसं गाडी थांबवून गुऱ्हाळावर येतात, रस पितात, काकवी चाखतात, फोटो काढतात आन् जातात. ह्यात आपल्याला चार पैसे मिळायची काही सोय हाय का, का नुसता वेळच जायचा?" त्यावर मागच्या रांगेतून एक वडीलधारे सभासद म्हणाले, "आधी दाखवण्याजोगा गूळ कर बाबा, मग माणसं बोलाव." सभा हसली आणि विषय पुढे गेला.

आम्हांला मात्र त्या दोन वाक्यांनी विचारात पाडले. हा प्रश्न काही आपल्याच भागापुरता नाही. इटली देशातल्या एका भागातल्या शेतकऱ्यांपुढेही तो आला आणि त्यांनी त्याचे उत्तर आपल्या पद्धतीने काढले. तिथे आज देशोदेशीची माणसे पैसे मोजून, मार्गदर्शक बरोबर घेऊन, चीज कसे होते आणि शिरका, म्हणजे व्हिनेगर, कसा मुरतो हे बघायला येतात. ह्या अंकातला पाठ त्या फेऱ्यांविषयी आहे. नुसती मौज म्हणून वाचू नये. सहकारात मुरलेल्या माणसाला त्यात ओळखीचे बरेच काही सापडेल.

१. भाग कोणता

इटलीच्या उत्तरेला पो नावाची मोठी नदी वाहते. तिच्या दक्षिणेला सपाट, पाण्याचा मुलूख आहे. पार्मा, रेज्जो एमिलिया आणि मोदेना हे तिथले तीन जिल्हे, शिवाय बोलोन्या जिल्ह्याचा रेनो नदीच्या पश्चिमेकडचा भाग आणि मांतोवा जिल्ह्याचा पो नदीच्या दक्षिणेकडचा भाग. एवढ्याच हद्दीत 'पार्मिजानो रेज्जानो' हे चीज बनते. हद्दीबाहेर तसेच दूध घेऊन, तशीच कृती केली तरी ते नाव लावता येत नाही.

ह्या हद्दीत सुमारे तीनशे चीजघरे आहेत. त्यांतून वर्षाला सुमारे ४० लाख चाके तयार होतात. चाक म्हणजे काय, तर आपल्या जात्याच्या दोन्ही तळ्या एकावर एक ठेवाव्यात तेवढा गोल ठोकळा. वजन सरासरी ४० किलो. एका चाकाला सुमारे ५५० लिटर दूध लागते. म्हणजे किलोभर चीजला चौदा लिटरच्या आसपास दूध झाले. उसाच्या उताऱ्याची भाषा आपल्याला कळते, म्हणून हा आकडा मुद्दाम दिला.

२. सकाळची फेरी

चीज बघायचे तर पहाटे उठावे लागते. मार्गदर्शक पाहुण्यांना सकाळी आठच्या सुमारास चीजघरात आणून उभे करतो, कारण मुख्य काम सकाळच्या दोन-तीन तासांतच होते. दहा-अकराला आलात तर धुतलेली भांडी बघून परत जावे लागेल. रविवार असो, सण असो, गाय दूध द्यायची थांबत नाही. तेव्हा चीजघरही थांबत नाही. आत जाण्याआधी प्रत्येकाला पांढरा डगला, डोक्याला टोपी आणि बुटांवर पिशव्या घालाव्या लागतात. मग तो कोणी का असेना.

संध्याकाळचे दूध रात्रभर पसरट हौदांत निवत ठेवलेले असते. साय आपोआप वर येते. ती काढून लोण्याला जाते. खाली राहिलेल्या दुधात सकाळचे ताजे, सायीसकटचे दूध मिसळतात आणि ते तांब्याच्या कढयांत सोडतात. ह्या कढया उलट्या घंटेच्या आकाराच्या असतात आणि त्यांचा खालचा निम्मा भाग जमिनीत पुरलेला असतो. दूध तापवून निर्जंतुक करायचे नाही, कच्चेच वापरायचे, असा नियम आहे.

पुढची गोष्ट आपल्या घरातल्या बायामाणसांना लगेच कळेल. कालच्या चीजमधून निघालेले पाणी राखून ठेवून आंबवलेले असते. तेच आजचे विरजण. कालचे आजला आणि आजचे उद्याला, अशी साखळी चालू असते. त्यात वासराच्या जठरातून काढलेले रेनेट घालतात आणि दहा-बारा मिनिटांत दूध घट्ट होते. इथे आमच्या माळकरी आणि शाकाहारी सभासदांसाठी स्पष्ट सांगितले पाहिजे की, ह्या कारणाने हे चीज आपल्या अर्थाने शाकाहारी ठरत नाही. ज्याला पथ्य आहे त्याने बघावे, चाखू नये.

घट्ट झालेला चक्का एका मोठ्या काटेरी रवीने फोडतात. तिचे नाव 'स्पिनो', म्हणजे काटा. चक्क्याचे कण तांदळाच्या दाण्याएवढे होईपर्यंत ती फिरते. मग ५५ अंश सेल्सिअसपर्यंत ताव देतात. कण तळाशी बसून एकजीव होतात. तासाभराने दोन गडी लाकडी पावड्याने तो गोळा उचलून तागाच्या कापडात घेतात, टांगतात आणि सुरीने त्याचे दोन भाग करतात. एका कढईतून दोन चाके. तिथे त्यांना 'जुळी' म्हणतात. गुळाची काहील उतरताना गुळव्या जसा बोटांत पाक धरून बघतो, तसा तिथला चीज करणारा कण मुठीत दाबून बघतो. थर्मामीटर असतोच, पण शेवटचा कौल हाताचा.

मग साचा. साच्याच्या आतून बारीक ठिपक्यांनी चीजचे नाव उमटते. वर एक चकती चिकटवतात, दुधातल्याच केसिनची, तिच्यावर त्या चाकाचा क्रमांक असतो. कुठल्या चीजघरात आणि कुठल्या महिन्यात झाले, तेही चाकाच्या अंगावर लिहिलेले. त्यानंतर अडीच-तीन आठवडे मिठाच्या पाण्यात, आणि मग फळीवर. किमान बारा महिने. पुष्कळ चाके दोन वर्षे, तीन वर्षेही ठेवतात.

घटक किती, तर तीन. दूध, मीठ आणि रेनेट. चौथा पदार्थ नाही. पाहुण्याला हे सारे डोळ्यांदेखत दिसते, म्हणून त्याला पटवून द्यावे लागत नाही.

३. एकाचा मुरघास, सगळ्यांचे नुकसान

आता गोठ्याकडे येऊ. ह्या चीजसाठी दूध देणाऱ्या गाईला मुरघास घालायला बंदी आहे. तुम्ही म्हणाल, मुरघास तर चांगला, आपल्याकडे शेतकी खाते त्याचा प्रचार करते. दूध विकण्यासाठी तो चांगलाच. पण मुरघासातून काही जिवाणूंची बीजे दुधात उतरतात. कच्च्या दुधाचे चीज महिनोन्महिने फळीवर राहते तेव्हा ती बीजे जागी होतात, आत वायू धरतो आणि चाक फुगून फुटते. म्हणून वाळलेले गवत आणि लसूणघासासारखा चारा. त्यातलाही किमान तीन चतुर्थांश त्याच हद्दीत पिकलेला पाहिजे. दूध काढल्यापासून दोन तासांत चीजघरात पोचले पाहिजे, असाही नियम आहे. तोडलेला ऊस वाळत पडला की उतारा पडतो हे ज्याला माहीत आहे, त्याला ह्या दोन तासांचे महत्त्व सांगायला नको.

लक्षात घ्या, कढईत एकट्या शेतकऱ्याचे दूध नसते. अनेक सभासदांचे दूध एकत्र होते. एकाने गुपचूप मुरघास घातला तर फुटणारे चाक सगळ्यांचे असते. म्हणून तिथे शेजाऱ्याच्या गव्हाणीत काय आहे, ही शेजाऱ्याची खासगी बाब राहत नाही. आम्हांला ह्या पाठातली ही सर्वांत मोलाची गोष्ट वाटते.

एक गोष्ट जाता जाता. ह्या गोठ्यांत आणि चीजघरांत पंजाबातून गेलेले आपले अनेक बांधव काम करतात. रेज्जो एमिलिया जिल्ह्यातल्या नोवेल्लारा गावी त्यांचा मोठा गुरुद्वारा २००० साली सुरू झाला. गाई-म्हशींची सवय असलेला माणूस कुठेही गेला तरी कामाला येतो.

४. उचल, अंतिम दर आणि तारण

ह्या चीजघरांपैकी बरीचशी सहकारी आहेत. दूध घालणारे शेतकरीच त्यांचे मालक. दूध आज घातले आणि चीज दीड-दोन वर्षांनी विकले, मग मधल्या काळात घर कसे चालायचे? त्यासाठी सभासदाला आधी उचल मिळते आणि चीज विकल्यावर हिशेब होऊन उरलेली रक्कम मिळते. पहिली उचल आणि अंतिम दर हे शब्द तिथे वेगळ्या भाषेत आहेत, इतकेच.

उचल द्यायला पैसा कुठून येतो? इथे एक मजेची गोष्ट आहे. रेज्जो एमिलियातली 'क्रेदितो एमिलियानो' ही बँक १९५३ सालापासून चीजची चाके तारण घेऊन कर्ज देते. बँकेच्या स्वतःच्या गोदामांत चाकांच्या उंचच उंच मांडण्या आहेत. बँक नुसते कुलूप लावून बसत नाही. चाके वेळच्या वेळी उलटते, पुसते, तपासते, कारण तारण मुरत असते आणि दिवसागणिक त्याची किंमत वाढत असते. आपला कारखाना साखरेची पोती तारण ठेवतो, पण पोते गोदामात राहून काही भारी होत नाही. चीज होते. मात्र ते नीट झालेले असेल तरच.

५. हातोडीचा कौल

नीट झाले आहे की नाही, हे बाराव्या महिन्यात ठरते. उत्पादकांची एक संघटना आहे, 'कोन्सोर्त्सियो'. ती १९३४ सालापासून काम करते. तिचे जाणकार परीक्षक चाकासमोर उभे राहतात आणि छोट्या हातोडीने सगळीकडे ठोकतात. कान लावून ऐकतात. कलिंगड वाजवून बघणाऱ्याला हे नवे नाही. आवाज एकसारखा आला तर आत भेग नाही, पोकळी नाही. शंका आली तर सुई खुपसून वास घेतात.

पास झालेल्या चाकावर तापलेल्या लोखंडाने शिक्का उमटवतात. थोडा दोष असेल तर चाकाच्या कडेवर समांतर रेघा ओढतात, म्हणजे गिऱ्हाइकाला दुसरी प्रत लगेच कळावी. आणि नापास झाले तर? तर त्या चाकाच्या अंगावरचे नाव तासून काढतात. ५५० लिटर दूध, वर्षभराची राखण, आणि शेवटी कोरे अंग. ते चीज खायला वाईट नसते. पण ते 'पार्मिजानो रेज्जानो' म्हणून विकायचे नाही.

मार्गदर्शक पाहुण्यांना ह्या फळ्यांपाशी आणतो आणि हातोडीचा आवाज ऐकवतो. आम्हांला वाटते, पाहुणा खरे म्हणजे ह्या गोष्टीचे पैसे देतो. चव घरी बसूनही घेता येते. पण आपल्याच मालावरचे आपलेच नाव खरवडणारी माणसे बघायला तिथेच जावे लागते.

६. माळ्यावरचा शिरका

चीजघर आटोपले की गाडी बहुधा मोदेना किंवा रेज्जो एमिलियाच्या आसपास एखाद्या शेतकऱ्याच्या घरी जाते आणि पाहुणे जिना चढून थेट माळ्यावर पोचतात. हे शिरक्याचे घर. उन्हाळ्यात माळा तापतो, हिवाळ्यात गारठतो. आपल्याला वाटेल, ही काय जागा? पण त्याच तापण्या-गारठण्यातून शिरका मुरतो.

त्रेब्बियानो, लांब्रुस्को अशा तिथल्या द्राक्षांचा रस काढतात आणि उघड्या भांड्यांत, मंद आचेवर, तासन्तास आटवतात. इथे गुऱ्हाळाचा वास नाकात आल्याशिवाय राहत नाही. मात्र तो गुळासारखा घट्ट करायचा नाही, काकवीच्या अलीकडेच थांबायचे. मग तो रस आंबतो, आंबट होतो आणि पिंपांत जातो. पिंपांची एक ओळ असते, पाच-सहा-सात, मोठ्यापासून धाकट्यापर्यंत. लाकडे वेगवेगळी: ओक, चेस्टनट, चेरी, तुती, जुनिपर. प्रत्येक लाकूड आपला वास देते. पिंपाच्या तोंडावर बूच नसते, कापडाचा तुकडा असतो, म्हणजे हवा खेळती राहते आणि पाणी उडून जाते.

दरवर्षी सर्वांत धाकट्या पिंपातून थोडासा शिरका काढतात. तेवढी भर त्याच्या शेजारच्या मोठ्या पिंपातून घालतात, त्याची त्याच्याही शेजारच्यातून, आणि शेवटी सर्वांत मोठ्या पिंपात नवा आटवलेला रस. पिंप कधी रिकामे करायचे नाही. ह्या रीतीने किमान बारा वर्षे झाल्याशिवाय शिरका विकता येत नाही. पंचवीस वर्षांच्या वरचा असेल तर त्याला 'एक्स्त्रावेक्यो', म्हणजे फार जुना, असे म्हणतात. आपला आडसाली ऊस अठरा महिने रानात उभा राहिला तर आपल्याला दिवस मोठे वाटतात. इथे बाप पिंप भरतो आणि पोरगा चाखतो. घरात मुलगी जन्मली की पिंपांची नवी ओळ लावायची आणि लग्नात ती तिला द्यायची, अशीही तिथे जुनी रीत होती.

शिरका तयार झाला म्हणून मालकाने आपल्या हाताने बाटल्या भरायच्या नाहीत. नमुना जाणकारांपुढे जातो. कोणाचा आहे हे त्यांना सांगत नाहीत. त्यांनी पसंत केला तरच देखरेखीखाली बाटली भरते. मोदेनाच्या पारंपरिक शिरक्याची बाटली सगळ्या उत्पादकांची एकाच घडणीची, १०० मिलीलिटरची. मोटारींचे आराखडे करणाऱ्या जोर्जेत्तो जुजारो ह्या प्रसिद्ध माणसाने ती घडवली. मोठ्या बागाईतदाराची बाटली वेगळी आणि लहानाची वेगळी, असे नाही. फरक फक्त चिठ्ठीत.

मोदेनाजवळ स्पिलांबेर्तो नावाचे गाव आहे. तिथे ह्या शिरक्याच्या जाणकारांचे मंडळ १९६७ सालापासून आहे. घरोघरच्या शिरक्यांची तिथे दरवर्षी स्पर्धा होते. आपल्याकडे बैलांच्या, पिकांच्या स्पर्धा होतात, तशी ही. मोदेना शहराच्या नगरपालिकेच्या इमारतीच्या माळ्यावरसुद्धा गावकीची अशी पिंपे आहेत आणि पाहुण्यांना ती दाखवतात.

७. दोन चमचे

ह्या फेरीत एक क्षण असा येतो की मार्गदर्शक पाहुण्याच्या हातात दोन चमचे देतो. एकात बारा वर्षांचा शिरका, दुसऱ्यात दुकानात मिळणारा. दोन्हींच्या नावांत 'बाल्सामिको' आणि 'मोदेना' हे शब्द असतात. पण दुसऱ्याचा कायदा निराळा आहे. त्याला युरोपीय संघाची नोंदणी २००९ साली मिळाली. त्यात द्राक्षाच्या रसाबरोबर साधा शिरका चालतो, रंगासाठी थोडे कॅरॅमल, म्हणजे जळवलेली साखर, चालते, आणि मुरण्याची किमान मुदत साठ दिवस. तो खोटा माल नाही. रोजच्या कोशिंबिरीला तोच बरा. पण बारा वर्षे आणि साठ दिवस ह्यांतला फरक नावावरून कळत नाही, जिभेवरून कळतो. फेरी नसती तर ती जीभ कुठून आली असती?

नावाची राखण ही कायम चालणारी लढाई आहे. युरोपीय न्यायालयाने २००८ साली मान्य केले की 'पार्मेसान' हा शब्दही पार्मिजानोची आठवण करून देतो, म्हणून युरोपात तो दुसऱ्या चीजला वापरता येणार नाही. उलट २०१९ साली त्याच न्यायालयाने सांगितले की 'आचेतो' आणि 'बाल्सामिको' हे सुटे शब्द कोणाच्या मालकीचे नाहीत. राखीव आहे ते पूर्ण नाव. अमेरिकेत तर तिथलेच चीज पार्मेसान म्हणून खुशाल विकले जाते. म्हणजे कोर्ट पुरे पडत नाही. ज्याने एकदा डोळ्यांनी पाहिले तो गिऱ्हाईक हाच नावाचा खरा राखणदार.

८. फेरीचा हिशेब

आता पैशाचे बोलू. फेरीची फी असते, पण शेतकऱ्याला त्याहून महत्त्वाचे असते ते चीजघराचे दुकान. पाहुणा तीन वयांचे चीज चाखतो आणि जाताना गाठोडे बांधून नेतो. मधला दलाल नाही, वाहतूक नाही. गिऱ्हाईक स्वतः दारात आलेले. शिवाय परत गेल्यावर तो आपल्या गावच्या दुकानातही तोच शिक्का शोधतो.

इटलीने ह्यासाठी १९८५ साली कृषी पर्यटनाचा कायदा केला आणि २००६ साली नवा आणला. त्यातले सूत्र ध्यानात ठेवण्यासारखे आहे. पाहुणचार हा शेतीला जोडून असला पाहिजे, शेती मुख्य राहिली पाहिजे. शेती सोडून नुसते हॉटेल काढले तर ते ह्या कायद्यात बसत नाही. उत्पादकांच्या संघटना स्वतःही ठरावीक दिवशी दारे उघडतात. चीजघरांचे असे दिवस वसंतात आणि शरदात असतात, शिरक्याच्या घरांचा सप्टेंबरात.

उलट बाजूही सांगितली पाहिजे. २०१७ साली बोलोन्या शहराबाहेर खाद्यसंस्कृतीचे एक प्रचंड प्रदर्शन उभारले गेले. गोठे, कारखाने, उपाहारगृहे, सगळे एका छपराखाली. वर्षाला साठ लाख माणसे येतील अशी अपेक्षा होती. तेवढी आली नाहीत, आणि २०२४ साली नाव व रूप बदलून ते पुन्हा उघडावे लागले. कारणे अनेक असतील. आमचा आपला साधा समज असा की, जिथे काम पाहुण्यासाठी मांडलेले असते तिथे पाहुणा एकदा येतो. जिथे काम कामासाठी चालू असते आणि पाहुण्याला बाजूला उभे राहू देतात, तिथे तो पुन्हा येतो.

९. वाईट दिवसात काय झाले

२०१२ सालच्या मे महिन्यात, २० आणि २९ तारखेला, ह्या भागात मोठे भूकंप झाले. माणसे गेली, घरे, कारखाने पडले. चीजच्या उंच मांडण्या एकमेकींवर कोसळल्या आणि काही लाख चाके जमिनीवर आली, फुटली. दोन-दोन वर्षांची मेहनत एका सकाळी ढिगात. फुटलेले चीज लवकर विकले नाही तर वाया जाणार होते. तेव्हा लोकांनी फुटलेले तुकडे मुद्दाम मागवून घेतले. मोदेनाचे नावाजलेले आचारी मास्सिमो बोत्तुरा ह्यांनी त्या चीजचा एक भाताचा प्रकार तयार करून जाहीर केला, आणि त्या ऑक्टोबरात कितीतरी देशांतल्या लोकांनी आपापल्या घरी तो शिजवला.

ही गोष्ट दानाची नव्हे. ज्या मालावर वर्षानुवर्षे भरवसा ठेवला, तो माल फुटका झाला तरी लोकांनी उचलला. भरवसा हे सुद्धा गोदामात साठवलेले भांडवलच असते. ताळेबंदात मात्र ते दिसत नाही.

१०. आपल्यासाठी

आता त्या तरुण सभासदाच्या प्रश्नाकडे परत येऊ. सोय आहे. महाराष्ट्र शासनाने २०२० साली कृषी पर्यटनाचे धोरण मंजूर केले. 'कोल्हापुरी गूळ' ह्या नावाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळाले. कागद आपल्याकडेही आहेत. पण मागच्या रांगेतल्या त्या वडीलधाऱ्या सभासदांचे म्हणणेही तितकेच खरे आहे. उसाच्या रसात स्वस्त साखर ओतून गूळ करणारे आपल्यात आहेत. रंग उजळ यावा म्हणून हायड्रॉस पावडरचा हात सैल सोडणारेही आहेत. हे आपण सगळे जाणतो आणि बैठकीत बोलत नाही. साखर आपल्याच कारखान्यांची, गूळ आपल्याच भाऊबंदांचा, मग बोलायचे कोणी? आम्ही बोलतो आहोत, कारण अशा काहिलीपाशी पाहुणा आणून उभा करता येत नाही. त्याने विचारले, "हे पोतं कशाचं?" तर काय सांगणार?

इटलीतल्या शेतकऱ्यांचे चीज आपल्याला करायचे नाही की शिरका मुरवायचा नाही. घ्यायचे ते एवढेच की त्यांनी दार आधी उघडले नाही. आधी नियम केले, ते स्वतःवर लादून घेतले, नापास मालावरचे नाव खरवडायची हिंमत केली. मग दार उघडले तेव्हा लपवायला काही उरले नव्हते.

गट अभ्यासमंडळांनी पुढील प्रश्नांवर चर्चा करावी :

(१) आपल्या गटातल्या गुऱ्हाळावर सकाळपासून संध्याकाळपर्यंत परका माणूस उभा राहिला तर आपल्याला कोणती गोष्ट झाकावीशी वाटेल?

(२) ती गोष्ट बंद केली तर दर क्विंटलमागे खर्च किती वाढेल, आणि तो कोणी सोसावा? एकट्या गुऱ्हाळवाल्याने की सगळ्यांनी मिळून?

(३) आपल्यापैकी एखाद्याचा माल नापास ठरला तर त्याच्यावरचे नाव काढायचा अधिकार आपण कोणाला देऊ? तो परीक्षक आपल्याच गावचा असावा की बाहेरचा?

(४) पाहुणे आलेच, तर त्यांना दाखवण्याजोगी आपली सर्वांत चांगली गोष्ट कोणती?

चौथ्या प्रश्नाचे उत्तर सोपे वाटेल. तरी तो शेवटीच घ्यावा. उत्तरे गट कार्यालयात लेखी द्यावीत. निवडक उत्तरे पुढील अंकात छापू.